तापीचे पाणी आणि खाडीचा चिखल

(नंदुरबार येथे विद्यार्थी, शिक्षक व शेतकरी यांच्यापुढे एका सागरी जीवशास्त्रज्ञाने दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



किनाऱ्यावरील पाणथळ जमिनींच्या रक्षणाविषयी मी नंदुरबारला येऊन बोलावे असे निमंत्रण आले, तेव्हा प्रथम मलाही नवल वाटले. आपला जिल्हा सातपुड्याच्या कुशीतला. १ जुलै १९९८ रोजी धुळे जिल्ह्यातून वेगळ्या झालेल्या या जिल्ह्याच्या सहा तालुक्यांपैकी एकालाही समुद्रकिनारा नाही. येथे भरती-ओहोटीची वेळ कोणी पाहत नाही; पाहतात ती पावसाची वाट. अशा ठिकाणी खाडी, चिखल आणि तिवराची झाडे यांची कथा कोण ऐकणार, अशी शंका मनात घेऊनच मी गाडीत बसलो.

परंतु काल येथील बाजारातून हिंडताना ती शंका फिटली. मिरची, कडधान्ये आणि भाजीपाला यांच्या शेजारीच एक बाई सुके बोंबील आणि सुकट घेऊन बसली होती. धडगाव, मोलगी, नवापूर या भागांतील आठवडे बाजारांतही हा माल हमखास दिसतो, असे मला सांगण्यात आले. पावसाळ्यात जेव्हा भाजी मिळत नाही, तेव्हा मूठभर सुकटीवर अनेक घरांतील भाकरी रुचकर होते. ही सुकट म्हणजे वाळवलेला जवळा. तो किनाऱ्याजवळच्या गाळयुक्त उथळ पाण्यात वाढतो. बोंबील प्रामुख्याने गुजरात आणि उत्तर महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर, म्हणजे खंबायतच्या आखाताच्या आसपासच्या समुद्रात सापडतो. आणि त्या आखाताच्या परिसरात कोणत्या नद्या जाऊन मिळतात? तापी आणि नर्मदा! आपल्या अंगणातून वाहत गेलेले पाणी ज्या समुद्राला मिळाले, त्याच समुद्राचे अन्न आपल्या ताटात परत आले. तेव्हा नंदुरबारचा आणि समुद्राचा संबंध नाही, असे म्हणण्याचे धाडस मी यापुढे करणार नाही.

दोन नद्यांचा जिल्हा

तापी मध्य प्रदेशात मुलताईला उगम पावते आणि सुमारे ७२४ किलोमीटर वाहून सुरतेच्या पलीकडे अरबी समुद्राला मिळते. या प्रवासात ती आपल्या जिल्ह्यातून जाते. प्रकाशा येथे तिला गोमाई मिळते आणि त्या संगमाला आपण तीर्थाचे महत्त्व देतो. सारंगखेडा आणि प्रकाशा येथील बंधाऱ्यांनी तिचे पाणी अडविले आहे. पुढे तिचा प्रवाह उकाईच्या विस्तीर्ण जलाशयात शिरतो. १९७२ मध्ये पूर्ण झालेल्या त्या धरणाचा फुगवटा आपल्या जिल्ह्यापर्यंत पोचला असून येथील गावांनी त्याची किंमत मोजलेली आहे. उत्तरेला अक्कलकुवा आणि अक्राणी या तालुक्यांची सीमा नर्मदेने आखली आहे. मणिबेलीपासून वरच्या अंगाला असलेल्या नदीकाठच्या गावांनी सरदार सरोवराचे पाणी आपल्या शेतांवर चढताना पाहिले. अमरकंटकहून निघालेली ही नदी १,३१२ किलोमीटरचा प्रवास करून भडोचपाशी समुद्राला भेटते.

नदीविषयी बोलताना एक वाक्य आपण नेहमी ऐकतो. सभांमध्ये ते उच्चारले जाते, लेखांत छापले जाते आणि ते खरे आहे असे सर्वांना वाटते. ते वाक्य असे, की इतके पाणी दरवर्षी समुद्रात वाहून वाया जाते. ज्याचे शेत पाण्यावाचून करपते, त्या शेतकऱ्याच्या तोंडी हे वाक्य मी समजू शकतो. त्याच्या हक्काचे पाणी त्याला मिळालेच पाहिजे, याविषयी दुमत नाही. तथापि समुद्राला मिळालेला पाण्याचा प्रत्येक थेंब वाया गेला, हे मात्र शास्त्राला मान्य नाही. तो थेंब कोणत्या कामी येतो, हे सांगण्यासाठीच मी आज आपल्यापुढे उभा आहे.

पाणथळ जमीन म्हणजे काय?

जमीन आणि पाणी यांच्यामध्ये एक असा प्रदेश असतो की तो धड जमीन नसतो आणि धड पाणीही नसतो. इराणमधील रामसर या गावी २ फेब्रुवारी १९७१ रोजी अशा प्रदेशांच्या रक्षणासाठी आंतरराष्ट्रीय करार झाला. भारत १९८२ मध्ये त्यात सहभागी झाला. या करारानुसार दलदली, तळी, नदीमुखे, खाड्या, तसेच ओहोटीच्या वेळी ज्यांची खोली सहा मीटरांहून अधिक नसते असे समुद्राचे भागही पाणथळ जमिनींत मोडतात. महाराष्ट्रात नाशिक जिल्ह्यातील नांदूर मधमेश्वर, बुलढाणा जिल्ह्यातील लोणार आणि ठाण्याची खाडी ही ठिकाणे या यादीत आहेत. म्हणजे पाणथळ जमीन ही काही केवळ कोकणची मिरास नव्हे. तोरणमाळचा यशवंत तलाव आणि आपल्या गावाबाहेरचे तळे हीदेखील त्याच कुटुंबातील होत.

मात्र खाडीकाठच्या पाणथळ जमिनीचा स्वभाव निराळा आहे. तेथे दिवसातून दोन वेळा भरती येते आणि दोन वेळा ओहोटी होते. काही तास जमीन पाण्याखाली आणि काही तास उघडी, असा हा अखंड क्रम असतो. पाणी कधी खारट, तर कधी नदीच्या पुरामुळे गोडे. चिखल इतका घट्ट की त्यात हवा शिरत नाही. अशा ठिकाणी सामान्य झाड आठ दिवसही तग धरणार नाही. परंतु निसर्गाने या जागेसाठी खास वृक्ष घडविले. त्यांना आपण खारफुटी म्हणतो आणि त्यांच्या दाट वनाला कांदळवन.

चिखलात उभी राहिलेली झाडे

कोकणच्या खाडीत आपण गेलात तर तीन झाडांची ओळख प्रथम करून घ्या. पाण्याच्या कडेला चिप्पी, रुंद पसरलेल्या दलदलीत तिवर आणि खाडीच्या फाट्यांच्या काठाने कांदळ. तिवराभोवतीच्या चिखलातून पेन्सिलीसारखी असंख्य मुळे वर डोकावताना दिसतात. जमिनीत हवा नाही, म्हणून हा वृक्ष मुळे वर काढून श्वास घेतो. त्याचे पान जिभेला लावा. ते खारट लागेल. शोषून घेतलेल्या पाण्यातील जादा मीठ तो पानांवाटे बाहेर टाकतो. कांदळ कमानीसारखी आधारमुळे टाकून उभा राहतो. त्याचे बी झाडावरच रुजते, हातभर लांब अंकुर धरते आणि मगच मातृवृक्ष सोडून पाण्यात पडते. चिखल सापडला तर तेथेच रोवले जाते, नाहीतर भरतीबरोबर तरंगत दुसरा किनारा गाठते. पांढऱ्या चिप्पीला २०२० मध्ये महाराष्ट्राने राज्याच्या कांदळवन वृक्षाचा मान दिला. असा मान देणारे महाराष्ट्र हे पहिले राज्य होय.

आता या झाडांचा उपयोग पाहू. खारफुटीचे पान गळून चिखलात पडते. त्यावर बुरशी आणि जिवाणू वाढतात, ते कुजून त्याचे बारीक कण होतात आणि त्या कणांवर कोळंबी, खेकडे, किडे व लहान मासे जगतात. या लहान जीवांवर मोठे मासे जगतात आणि मोठ्या माशांवर पक्षी व माणूस. १९६० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेतील फ्लोरिडाच्या किनाऱ्यावर हील्ड आणि ओडम या दोन संशोधकांनी ही साखळी कडीकडीने उलगडून दाखविली. त्यापूर्वी दलदल म्हणजे डासांचे आगर आणि भराव टाकून मोकळी करावयाची जागा, असेच जगात बहुतेकांना वाटे. गळलेल्या पानाची किंमत मोजली गेली तेव्हा दलदलीची किंमत कळली.

याशिवाय मुळांच्या जाळ्यात माशांची पिल्ले लपून वाढतात. जिताडा, बोय, कोळंबी, चिंबोरी यांचे बालपण खाडीत जाते. वादळी लाटांचा जोर ही वने कमी करतात, किनाऱ्याची धूप रोखतात आणि चिखलात हवेतील कर्ब शेकडो वर्षे गाडून ठेवतात. समुद्रकिनाऱ्याचा हा तट कोणत्याही सरकारी खर्चावाचून उभा राहिलेला आहे. तो पडला, तर मात्र पुन्हा बांधण्याचा खर्च सरकारला आणि लोकांना सोसावा लागतो.

समुद्रापासून दूर राहून केलेले संशोधन

विद्यार्थी मित्रांना येथे मुद्दाम एक गोष्ट सांगतो. समुद्राचा अभ्यास करायचा तर समुद्राकाठीच जन्म घ्यावा लागतो, असा समज मनातून काढून टाका. कोल्हापूर शहर सह्याद्रीच्या अलीकडे, घाटमाथ्यावर वसलेले आहे. परंतु तेथील शिवाजी विद्यापीठाच्या वनस्पतिशास्त्र विभागाने कोकणातील खारफुटींच्या अभ्यासात मोठे नाव मिळविले. प्रा. जी. व्ही. जोशी यांनी खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या वनस्पती प्रकाशसंश्लेषण कसे करतात यावर संशोधन केले. डॉ. लीला भोसले यांनी हे कार्य पुढे नेले. त्याच विद्यापीठात १९८५ मध्ये खारफुटींवर राष्ट्रीय परिसंवाद झाला आणि त्याचे निबंध भोसले यांच्या संपादनाखाली ग्रंथरूपाने निघाले. घाट उतरून कोकणात जायचे, चिखलात काम करायचे, नमुने घेऊन पुन्हा घाट चढून प्रयोगशाळेत यायचे, असा हा उद्योग होता. जे कोल्हापूरला शक्य झाले, ते नंदुरबारच्या मुलामुलींना अशक्य का असावे?

गोव्यात दोना पावला येथील, १९६६ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत डॉ. अरविंद उंटवाले यांनी खारफुटींच्या अभ्यासाला आपले आयुष्य वाहिले. १९७० च्या दशकात मांडवी नदीच्या मुखातील खारफुटींच्या दलदलींचा जो अभ्यास झाला, त्यात त्यांचा सहभाग होता. पुढे डॉ. जगताप आदी सहकाऱ्यांबरोबर त्यांनी उपग्रहाच्या छायाचित्रांवरून महाराष्ट्राच्या किनाऱ्यावरील कांदळवनांची पाहणी केली. शास्त्रज्ञाने प्रबंध लिहावा आणि स्वस्थ बसावे, अशी त्यांची वृत्ती नव्हती. रोपे वाढविणे, लागवड करणे, वनखात्याच्या कर्मचाऱ्यांना शिकविणे आणि खारफुटींसाठी काम करणारी संस्था उभी करणे, अशी सर्व कामे त्यांनी केली. मांडवीतील चोडण बेटावर १९८८ मध्ये जे डॉ. सालिम अली पक्षी अभयारण्य झाले, ते कांदळवनाचेच अभयारण्य आहे. तेथील पाणवाटांतून होडीने फिरताना, झाडे आणि पक्षी यांचा हिशेब एकत्रच मांडावा लागतो हे ध्यानात येते.

आमचे काम कसे चालते, याची आपणांस जिज्ञासा असेल. ओहोटीची वेळ पाहून होडी काढायची. काठापासून आतपर्यंत दोरी ताणायची आणि ठराविक अंतरावर चौकट मांडून तीत किती झाडे, कोणत्या जातीची व किती घेराची आहेत याची नोंद करायची. रोपे वेगळी मोजायची, कारण ज्या वनात रोप नाही त्या वनाला भविष्य नाही. पाण्याचा खारेपणा मोजायचा, चिखलाचा गोळा चाळणीत धुऊन त्यातील किडे, शिंपले आणि गोगलगाई मोजायच्या. गुडघाभर चिखलातून एक पाय काढावा तो दुसरा रुतावा, आणि भरती परतण्यापूर्वी होडी गाठावी. या कामात कोणताही दिमाख नाही. परंतु न्यायालयात किंवा शासनापुढे जेव्हा प्रश्न उभा राहतो, तेव्हा या चिखलातल्या नोंदवहीचाच आधार घ्यावा लागतो.

ऱ्हास आणि कायद्याचा आधार

महाराष्ट्राच्या सुमारे ७२० किलोमीटर लांबीच्या किनाऱ्यावर कांदळवनांचा मोठा नाश झाला. मुंबईत माती आणि इमारतींचा राडारोडा टाकून खाड्या भरल्या गेल्या. कोठे सरपणासाठी झाडे तोडली, कोठे कोळंबीच्या तलावांसाठी, तर कोठे रस्ता किंवा बांध घालून भरतीची वाट बंद केली. भरती बंद झाली की कुऱ्हाड न लावताही खारफुटी वाळते. ऑगस्ट २०१० मध्ये मुंबई बंदराजवळ दोन जहाजांची टक्कर झाली आणि सांडलेले तेल कांदळवनांच्या श्वासमुळांवर जाऊन बसले. नाक दाबले म्हणजे माणसाचे जे होते, तेच त्या झाडांचे झाले.

या प्रश्नाची जाणीव हळूहळू वाढली. केंद्र सरकारने १९७६ मध्ये राष्ट्रीय खारफुटी समिती नेमली. १९९१ मध्ये किनारी नियमन क्षेत्राची अधिसूचना निघाली. ६ ऑक्टोबर २००५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने राज्यातील खारफुटींची तोड आणि त्यांवरील भराव थांबविण्याचा आदेश दिला, आणि शासकीय जमिनीवरील कांदळवने संरक्षित वने म्हणून जाहीर करण्यास सांगितले. २०१८ च्या अंतिम निकालात न्यायालयाने खारफुटींच्या नाशाचा संबंध नागरिकांच्या जगण्याच्या मूलभूत हक्काशी जोडला. २०१२ मध्ये महाराष्ट्र शासनाने वनविभागात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन केला. २०१५ मध्ये ठाणे खाडीत रोहित पक्ष्यांसाठी अभयारण्य घोषित झाले आणि २०२२ मध्ये ती खाडी रामसरच्या यादीत गेली. एका महानगराच्या सांडपाण्याशेजारी हजारो रोहित पक्षी दरवर्षी उतरतात, हे दृश्य आशादायक आहे तसेच इशारा देणारेही आहे.

भारतीय वन सर्वेक्षणाच्या २०१३ च्या अहवालात महाराष्ट्रातील खारफुटींचे क्षेत्र १८६ चौरस किलोमीटर नोंदलेले होते. २०२३ च्या अहवालात ते सुमारे ३१५ चौरस किलोमीटर आहे. ही सर्व वाढ नव्या झाडांची आहे असे मात्र समजू नये. मोजणीची साधने सुधारली, हेही तिचे एक कारण आहे. तरीपण संरक्षण मिळाले तर कांदळवन पुन्हा उभे राहते, एवढा बोध त्यातून निश्चित घेता येतो.

लागवडीने शिकविलेला धडा

माझ्या स्वतःच्या चुकीचा एक प्रसंग सांगतो. उमेदीच्या काळात आम्ही एका खाडीत मोठ्या उत्साहाने कांदळाची रोपे लावली. मोकळा चिखल दिसला, तेथे ओळी आखल्या आणि छायाचित्रेही काढली. पावसाळा संपल्यावर जाऊन पाहतो तो बहुतेक रोपे नाहीशी झालेली, आणि उरलेल्यांच्या बुंध्यांवर शिंपल्यासारख्या समुद्री जीवांचे थर चढलेले! जवळच्या वाडीतील एक वृद्ध मच्छीमार काठावर उभा राहून पाहत होता. आम्ही निवडलेल्या जागी ओहोटीलाही पुरेसा वेळ पाणी उतरत नाही, आणि तेथे त्याच्या आजोबांच्या काळीही झाड नव्हते, असे त्याने शांतपणे सांगितले. आमच्यापाशी खारेपणाचे आकडे होते. मात्र त्याला विचारावे हे सुचले नव्हते.

तेव्हापासून मी दोन गोष्टी पाळतो. पहिली ही, की झाड लावण्यापूर्वी पाण्याची वाट पाहावी. पुष्कळदा एखादा बुजलेला मार्ग मोकळा केला, बांधाखाली मोरी ठेवली, भरती पुन्हा आत येऊ दिली, की बिया आपोआप वाहत येतात आणि वन स्वतःच उगवते. दुसरी ही, की तेथे राहणाऱ्या माणसाला प्रथम विचारावे.

माणसांना वगळून रक्षण नाही

हा दुसरा धडा विस्ताराने सांगितला पाहिजे, कारण ज्या जिल्ह्याने धरणांसाठी घरेदारे सोडली, त्या जिल्ह्यात त्याचा अर्थ अधिक खोल आहे. विकासासाठी काही लोकांनी उठावे आणि रक्षणासाठी आणखी काही लोकांनी उठावे, आणि दोन्ही वेळा उठणारा मनुष्य गरीबच असावा, हे न्यायाला धरून नाही.

कोकणातील खारभूमीचा प्रश्न याचे उदाहरण आहे. पिढ्यान्‌पिढ्या शेतकऱ्यांनी खाडीकाठी बांध घालून भातशेती केली. या जमिनींसाठी १९४८ मध्ये आणि पुढे १९७९ मध्ये स्वतंत्र कायदे झाले. बांधाबाहेर खारफुटीचा पट्टा असेल तर लाटांचा मार बांधाला कमी बसतो. म्हणून शेतकरी आणि कांदळवन हे मुळात एकमेकांचे सोबती आहेत. परंतु बांधाची देखभाल राहिली, तो फुटला आणि खारे पाणी शेतात शिरले, की काही वर्षांत शेतातच खारफुटी उगवते. मग ती तोडण्यास कायद्याची मनाई. रायगड जिल्ह्यात असे प्रश्न उभे राहिले आहेत. येथे शेतकऱ्याला गुन्हेगार ठरवून वन वाचणार नाही. वेळेवर बांध दुरुस्त करणे हे देखील पर्यावरणाचे रक्षणच होय.

शासनाने २०१७ मध्ये कांदळवन संरक्षण आणि उपजीविका निर्माण योजना सुरू केली, ती याच विचाराने. खेकडापालन, पिंजऱ्यातील जिताडापालन, कालवांची शेती आणि निसर्गपर्यटन अशा व्यवसायांना तीत साहाय्य मिळते. वेंगुर्ल्याच्या मांडवी खाडीत स्वामिनी बचत गटाच्या महिला पर्यटकांना होडीतून कांदळवन दाखवितात. स्वतः वल्हे मारतात आणि झाडांची नावे व उपयोग सांगतात. ज्या वनाकडे पूर्वी जळाऊ लाकूड म्हणून पाहिले गेले, ते उभे ठेवण्यात आपले उत्पन्न आहे हे उमगल्यावर राखणदार नेमण्याची गरज उरत नाही. नर्मदेच्या फुगवट्यात मासेमारी करणाऱ्या आपल्या जिल्ह्यातील सहकारी संस्थांना हा विचार नवा वाटणार नाही. पाण्याने ज्यांचे शेत घेतले, त्यांनी त्याच पाण्यात उपजीविका शोधली आहे.

वरच्या अंगाची जबाबदारी

आता पुन्हा तापीकडे वळतो. नदीमुखाला दोन गोष्टी वरून मिळाव्या लागतात: गोडे पाणी आणि गाळ. गोड्या पाण्यामुळे खारेपणाला मर्यादा राहते. गाळामुळे चिखलाची जमीन टिकून राहते आणि समुद्राच्या धुपेला तोंड देते. खंबायतच्या आखातात तर भारतातील सर्वांत मोठ्या भरत्या येतात. नदीचा जोर कमी झाला की समुद्र खाडीत आत सरकतो. भडोचच्या मच्छीमारांनी नर्मदेच्या मुखात खारेपणा वाढल्याची आणि पावसाळ्यात समुद्रातून नदीत चढणारा हिल्सा मासा घटल्याची तक्रार वारंवार केली आहे. धरणे बांधू नयेत, असे मी म्हणत नाही. धरणांनी शेते भिजविली आणि घरोघरी दिवे लावले. परंतु पाण्याचे वाटप ठरविताना राज्ये, कालवे, शहरे आणि कारखाने यांच्याबरोबर नदीमुखाचेही नाव यादीत असावे, एवढीच विनंती आहे.

गाळाची कथा आणखी विचार करण्यासारखी आहे. सातपुड्याचा उतार उघडा पडला, की पहिल्याच पावसात माती सुटते. ही माती वाहून समुद्राला मिळत असेल, असे आपणांस वाटेल. परंतु तिचा बराच भाग जलाशयांच्या तळाशी बसतो. म्हणजे जी माती शेतात हवी होती ती शेतात राहत नाही, जेथे नदीमुखाला हवी होती तेथे पोचत नाही आणि जेथे नको होती तेथे धरणाचे आयुष्य कमी करते. डोंगरावर आपण समतल चर खोदतो, गवत राखतो, सामूहिक वनहक्काखाली मिळालेले जंगल सांभाळतो, तेव्हा आपले शेत आणि आपले धरण या दोहोंचे रक्षण होते.

तिसरी गोष्ट पाण्याबरोबर जाणाऱ्या घाणीची. शहाद्याच्या ऊस-केळीच्या शेतांत गरजेपेक्षा अधिक टाकलेले रासायनिक खत पिकाच्या उपयोगी पडत नाही. पावसाबरोबर ते ओढ्यात, नदीत आणि पुढे जलाशयात उतरते. गावाच्या नाल्यात टाकलेली प्लास्टिकची पिशवी पुराच्या पाण्याबरोबर किती दूर जाईल, याचा नेम नसतो. खाडीत तिवराच्या श्वासमुळांना गुंडाळून बसलेल्या अशा पिशव्या मी पुष्कळ वेळा हातांनी काढल्या आहेत. कोणत्या गावाहून त्या आल्या, हे त्यांवर लिहिलेले नसते. म्हणूनच प्रत्येक गावाने ती आपली आहे असे समजावे.

शेवटी शाळांतील शिक्षकांना एक सूचना करतो. समुद्र दाखविण्यासाठी सहल काढणे सर्वांना शक्य होणार नाही. परंतु आपल्या गावचे तळे, ओढा किंवा बंधाऱ्याचा काठ तर जवळ आहे. मुलांना वही देऊन तेथे न्यावे. दर महिन्याला पाण्याची पातळी, दिसलेले पक्षी, मासे आणि काठावरची झाडे यांची नोंद त्यांनी करावी. पाच वर्षे अशी नोंद ठेवली तर ती कोणत्याही शास्त्रज्ञाला हवीहवीशी वाटेल. आम्ही खाडीत जे करतो ते याहून फार निराळे नाही. फरक एवढाच की आमचे पाय अधिक रुततात!

मित्रहो, काल बाजारातून मी मूठभर सुकट विकत घेतली. ती माझ्या टेबलावर ठेवली आहे. आपण जेव्हा पुढच्या वेळी ती खरेदी कराल, तेव्हा एक क्षण थांबून विचार करा. जेथे नदीचे गोडे पाणी समुद्राच्या खाऱ्या पाण्यात मिसळते, त्या चिखलाच्या जोरावर हे अन्न पिकले. त्या चिखलाला लागणारे पाणी आणि माती आपल्यासारख्याच वरच्या अंगाच्या गावांतून जाते. समुद्राला मिळणारे पाणी वाया जाते, असे यापुढे कोणी म्हणाले, तर त्याला एवढेच सांगा की ते पाणी कामाला गेले आहे आणि त्याची मजुरी दर आठवड्याला आपल्या बाजारात येते.